किल्ली कुणाच्या कमरेला? पडद्यावरची जुनी ग्रंथालये आणि आंबेडकरी तरुण

सिनेमात मध्ययुगीन ग्रंथालय दाखवायचे म्हटले की काही गोष्टी ठरलेल्या असतात. दगडी भिंती, अरुंद गोल जिना, छतापर्यंत गेलेली फडताळे, मेणबत्तीचा पिवळा उजेड, साखळीने बांधलेले जाडजूड ग्रंथ आणि शेवटी एक बंद दार. 'हॅरी पॉटर'मधला पोरगा रात्री चोरून त्या दारातून आत शिरतो. 'गेम ऑफ थ्रोन्स'मधला सॅम तर थेट किल्ल्याच चोरतो. आपली वस्त्यांमधली पोरेही हे सगळे मोबाईलवर पाहतात आणि त्यांना ते आवडते. आवडण्यासारखे आहेच.

आमचे म्हणणे एवढेच आहे की ते बंद दार पाहताना आंबेडकरी तरुणाने एक प्रश्न कधी सोडू नये. किल्ली कुणाच्या कमरेला आहे?

कुणी म्हणेल, "सिनेमा सिनेमासारखा बघा, तिथेही जात कशाला आणता?" ज्यांच्या पूर्वजांच्या घरात पोथ्या होत्या त्यांना बंद ग्रंथालय गूढ वाटते, रम्य वाटते. ज्यांच्या पूर्वजांना ती पोथी ऐकायचीही बंदी होती त्यांना त्यात गूढ काय वाटणार? शूद्राने वेद ऐकला तर त्याच्या कानात शिसे आणि लाख ओतावी, असे गौतम धर्मसूत्र सांगते. आपल्यासाठी ते बंद दार ही कथेतली युक्ती नाही, तो आपला इतिहास आहे. त्यामुळे जात आम्ही आणत नाही. ती त्या दारात आधीपासून उभी आहे.

एक चित्रपट नीट पाहू

या विषयावर एकच चित्रपट पाहायचा असेल तर 'द नेम ऑफ द रोज' पाहा. उंबेर्तो एको या इटालियन लेखकाची ही कादंबरी १९८० साली आली आणि ज्याँ-जाक आनो या फ्रेंच दिग्दर्शकाने १९८६ साली तिच्यावर चित्रपट केला. शॉन कॉनरी त्यात विल्यम नावाच्या भिक्षूच्या भूमिकेत आहे. गोष्ट १३२७ सालची. उत्तर इटलीतल्या डोंगरावरच्या एका मठात एकामागून एक भिक्षू मरतात. विल्यम आणि त्याचा तरुण शिष्य आद्सो शोध घेऊ लागतात आणि शोध येऊन थांबतो तो मठाच्या ग्रंथालयापाशी. त्या ग्रंथालयात ग्रंथपालाशिवाय कुणी जायचे नाही, असा नियम आहे.

एक गोष्ट लक्षात घ्या. त्या काळातल्या बहुतेक खऱ्या मठांकडे फार तर काही शे हस्तलिखिते असत आणि ती कपाटांत, पेट्यांत मावत. चित्रपटातले अवाढव्य, जिन्यांवर जिने चढवलेले चक्रव्यूहासारखे ग्रंथालय हा दांते फेरेत्ती या कलादिग्दर्शकाने उभारलेला सेट आहे. म्हणजे ग्रंथालयाचा आकार कल्पनेतला आहे. कुलूप मात्र कल्पनेतले नाही.

खुनांचे कारण एक पुस्तक आहे. ॲरिस्टॉटलच्या 'काव्यशास्त्रा'चा विनोदावरचा दुसरा भाग, जो जगात आज उपलब्ध नाही. मठातला अंध म्हातारा भिक्षू होर्हे याने तो दडवलेला आहे आणि पानांच्या कोपऱ्यांना विष लावून ठेवले आहे. बोट जिभेला लावून पान उलटणारा वाचक वाचता वाचता मरतो. का? होर्हेचे म्हणणे असे की हसण्याने भीती मरते, आणि भीती मेली तर देवाची गरज कुणाला उरणार?

हे वाक्य साताऱ्याच्या माणसाला इटलीतून शिकायची गरज नाही. १९२० च्या आसपास याच जिल्ह्यात सत्यशोधक जलसे गावोगाव फिरत होते. भटजी, सावकार, त्यांचे मुहूर्त, त्यांच्या दक्षिणा यांची भर चौकात टिंगल व्हायची आणि ज्या गोष्टीला लोक पिढ्यान्‌पिढ्या घाबरत होते तिला हसू लागायचे. पुढे आंबेडकरी जलशांनी हेच काम केले. सांगली जिल्ह्यातल्या कासेगावात राहून ज्यांनी आयुष्यभर या चळवळींचा अभ्यास केला त्या गेल ऑमव्हेट यांनी सत्यशोधक चळवळीला सांस्कृतिक बंड म्हटले, ते उगाच नाही. होर्हेला जे हसणे नको होते तेच आपल्या जलशात होते. फरक इतकाच की आपले पुस्तक दडवायला ते मुळात लिहूच दिले नव्हते. म्हणून आपण ते गाऊन दाखवले.

या चित्रपटात आणखी एक दृश्य आहे. मठाच्या भिंतीतून खरकटे आणि कचरा खाली उतारावर ओतला जातो आणि खाली राहणारे गरीब शेतकरी त्यावर तुटून पडतात. वर ग्रंथ, खाली खरकटे. आपण याला गावकुसाबाहेर म्हणतो. चित्रपटातल्या गरीब मुलीला तर नावही नाही. त्या ग्रंथालयात काय आहे, हे तिला कुणी विचारत नाही, सांगतही नाही. मात्र चित्रपटाने इथे कादंबरीपेक्षा वेगळी वाट धरली. पडद्यावर तेच खालचे लोक शेवटी उठतात, मुलीला चितेवरून वाचवतात आणि धर्मन्यायाधीशाची गाडी उलथवतात. आम्हाला हा बदल महत्त्वाचा वाटतो. ग्रंथालयाची गोष्ट सांगताना खरकट्याचा उतारही दाखवावा लागतो, एवढे त्या दिग्दर्शकाला कळले होते.

कातड्यावर लिहिलेला धर्म

आता एक गोष्ट, जी या चित्रपटांतल्या प्रत्येक ग्रंथात उघड दिसते, पण आपल्याकडे तिच्यावर कुणी बोलत नाही. युरोपातले ते ग्रंथ कातड्यावर लिहिलेले आहेत. वासराचे, मेंढीचे, बकरीचे कातडे भिजवून, खरवडून, ताणून त्याची पाने करत आणि त्यावर बायबल लिहीत. मोठ्या ग्रंथाला जनावरांचा कळपच्या कळप लागे. कातडे कमावणाऱ्याशिवाय तिथे धर्मग्रंथ होऊ शकत नव्हता.

आपल्याकडे काय झाले? मेलेले जनावर ओढणारा महार, कातडे कमावणारा ढोर, चामड्याची वस्तू करणारा चांभार, सगळे अस्पृश्य. चामड्याचा हात पोथीला लागला तर पोथी बाटली. तेच कातडे, तीच मेहनत. एका समाजात ते पवित्र शब्दाचे पान झाले, दुसऱ्या समाजात माणसाला गावाबाहेर काढण्याचे कारण. तिथेही कातडे कमावणाऱ्याला मान होता असे नाही, त्याची वस्ती दुर्गंधीमुळे शहराच्या कडेलाच असे. पण घाणीचे काम आणि जन्माचा विटाळ यात जो फरक आहे तो हाच. म्हणून पुढच्या वेळी पडद्यावर तो कातडी ग्रंथ उघडला की मुलांना हे सांगा.

आणि दुसरे उदाहरणही सांगा. आंध्रातल्या अमरावतीच्या बौद्ध स्तूपावर विधिक नावाच्या चर्मकाराने दान दिलेली शिळा आहे. तिच्यावरच्या लेखात तो स्वतःचा व्यवसाय लपवत नाही आणि आपण नाग या उपाध्यायाचा मुलगा आहोत, हे सांगतो. उपाध्याय म्हणजे शिक्षक. चर्मकार मुलगा, शिक्षक बाप आणि दगडावर कोरलेले नाव. बुद्धाच्या धम्मात हे शक्य होते. नंतर ते अशक्य केले गेले.

नियम आणि जन्म

'हॅरी पॉटर'च्या पहिल्या चित्रपटात, २००१ साली, शाळेचे ग्रंथालय म्हणून ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयातली ड्यूक हम्फ्री ही पंधराव्या शतकातली वास्तू वापरली. त्या गोष्टीत एक 'निषिद्ध विभाग' आहे. तिथले पुस्तक हवे असेल तर शिक्षकाची सहीची चिठ्ठी लागते.

आता नियम असणे वाईट नाही. बोडलियन पुस्तक घरी देत नाही. १६४५ साली खुद्द राजा पहिला चार्ल्स याने पुस्तक मागवले तेव्हा त्यालाही नियम दाखवून नकार मिळाला. राजाला आणि विद्यार्थ्याला एकच नियम. हॅरीला चिठ्ठी मिळाली तर दार उघडते. आपल्या पूर्वजांना कुठल्या गुरुजींची चिठ्ठी चालली असती? जन्मावर सही करणारा गुरुजी नसतो. बाबासाहेबांना मुंबईत एल्फिन्स्टन हायस्कूलमध्ये संस्कृत शिकू दिले नाही, फारसी घ्यावी लागली. ही विसाव्या शतकाच्या सुरुवातीची गोष्ट आहे, मध्ययुगातली नव्हे.

म्हणून 'मध्ययुगीन' हा शब्दही जपून वापरावा. युरोपात तो पडद्यावरचा काळ आहे. आपल्याकडे तो आजोबांचा काळ आहे. साताऱ्याच्या ज्या शाळेत ७ नोव्हेंबर १९०० रोजी भिवा आंबेडकर या मुलाचे नाव दाखल झाले, त्या शाळेचा दाखला आज आपण अभिमानाने दाखवतो आणि तो दिवस महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून साजरा होतो. पण याच साताऱ्यातल्या शाळेत तो मुलगा घरून आणलेल्या गोणपाटावर वेगळा बसत होता आणि शिपायाने नळ उघडून दिला तरच तहान भागत होती, हे बाबासाहेबांनीच लिहून ठेवले आहे. शाळेचे दार उघडले होते. आतले दुसरे दार बंद होते.

वाईला कॅमेरा आला, पण वाड्यात काय पाहिले?

आपल्या सातारा जिल्ह्याला सिनेमाची ओळख नव्याने करून द्यायला नको. वाई आणि शेजारचे मेणवली ही हिंदी सिनेमाची आवडती गावे. 'गंगाजल', 'दबंग' यांचे चित्रण इथे झाले, म्हणजे आपली कृष्णा पडद्यावर बिहार-उत्तर प्रदेशची नदी झाली. मेणवलीला नाना फडणवीसांचा वाडा आणि घाट आहे. कॅमेऱ्याला तो दगड, ते लाकूड, ती संध्याकाळ हवी असते. मेणवली दप्तर या नावाने ओळखले जाणारे नानांचे कागद पेशवाईच्या अभ्यासकांना मोलाचे आहेत. पण पेशवाईतला तो कागद कोण लिहीत होते, कोण वाचत होते आणि कोण त्या वाड्याच्या सावलीलाही येऊ शकत नव्हते, हे त्या सुंदर दृश्यांत दिसत नाही.

अपवाद आहे आणि तो मान्य केला पाहिजे. मेणवलीच्या घाटावर चित्रित झालेल्या 'स्वदेस'मध्ये, २००४ साली, आशुतोष गोवारीकरांनी गावातल्या सिनेमाचा एक प्रसंग दाखवला. मोकळ्या मैदानात पडदा लावला आहे. पुढच्या बाजूला गावातले वरचे लोक बसले आहेत आणि पडद्याच्या मागे खालच्या जातींचे लोक उलटे चित्र पाहत आहेत. नायक तो पडदा बाजूला करतो. नायक परदेशातून आलेला, वरच्या जातीचा, हे आमच्या नजरेतून सुटत नाही. मागे बसलेल्यांनी स्वतः तो पडदा का काढला नाही, हा प्रश्न उरतोच. तरी मागच्या बाजूचे प्रेक्षक कॅमेऱ्यात आले, हे थोडे नाही.

आणि वाईबद्दल दुसरी बाजूही सांगू, कारण अर्धे सत्य सांगणे हे आपले काम नाही. वाईची प्राज्ञपाठशाळा ही संस्कृत आणि धर्मशास्त्राची शाळा. तिथूनच पुढे आलेल्या तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींनी त्याच शास्त्रांचा आधार घेऊन अस्पृश्यतेविरुद्ध भूमिका घेतली. पुढे त्यांच्या अध्यक्षतेखाली वाईलाच मराठी विश्वकोशाचे काम उभे राहिले. आज तो विश्वकोश कुणालाही फुकट वाचता येतो, मग तो कोणत्याही जातीचा असो. किल्ली कमरेची काढून खुंटीला लावता येते, याचे उदाहरण आपल्याच जिल्ह्यात आहे. ते मान्य केल्याने आपली टीका दुबळी होत नाही, नेमकी होते.

"तुम्हीही पुस्तक जाळलेच ना?"

'द नेम ऑफ द रोज'चा शेवट ग्रंथालयाच्या आगीत होतो. हा चित्रपट पोरांना दाखवला की कुणीतरी हमखास म्हणणार, "मग महाडला तुम्ही मनुस्मृती जाळली, ती कोणती ज्ञाननिष्ठा?" उत्तर तयार हवे.

होर्हे जाळतो ते जगातले शेवटचे पुस्तक आहे आणि ते कुणीच वाचू नये म्हणून. तो तर त्याची विषारी पानेही गिळतो. महाडला २५ डिसेंबर १९२७ रोजी जाळलेल्या मनुस्मृतीच्या असंख्य प्रती छापून बाजारात होत्या आणि आजही आहेत. त्या ज्वालेने एकाही माणसाचे वाचन थांबले नाही. उलट, मनुस्मृतीत काय लिहिले आहे हे हजारो लोकांना पहिल्यांदा कळले. बाबासाहेबांनी स्वतः त्या कृतीची तुलना विदेशी कापडाच्या होळीशी केली होती. आणि ज्या माणसाने ती होळी केली त्याने स्मृती-पुराणे ओळीओळीने वाचून त्यांवर ग्रंथ लिहिले. एकाने वाचन संपवण्यासाठी आग लावली. दुसऱ्याने माणसाचे गुलामपण संपवण्यासाठी.

याच न्यायाने आम्ही आणखी एक गोष्ट स्पष्ट म्हणतो. जानेवारी २००४ मध्ये पुण्याच्या भांडारकर संस्थेवर हल्ला झाला, तो चुकीचा होता. जुलै २०२० मध्ये मुंबईत राजगृहाची नासधूस झाली, ती तर आपल्या काळजावरची जखम आहे. बाबासाहेबांनी दादरला घर बांधले ते पुस्तकांसाठी. पन्नास हजारांहून अधिक ग्रंथ सांभाळणारे ते घर होते. ग्रंथालय कुणाचेही असो, ते फोडायचे नसते. ते उघडायचे असते. आपले भांडण कुलपाशी आहे, पुस्तकाशी नाही.

ग्रंथ आगीनेच मरत नाहीत

पडद्यावर ग्रंथालय नेहमी आगीतच मरते, कारण आग छान दिसते. प्रत्यक्षात ग्रंथ मरतात ते कुणी नक्कल न केल्याने. सातव्या शतकात ह्युएन त्संग नालंदेला शिकला, महाराष्ट्रातूनही फिरला आणि परत जाताना ६५७ ग्रंथ चीनला घेऊन गेला. त्यांची भाषांतरे झाली, नकला झाल्या. इथे विहार उद्ध्वस्त झाले, पण त्याहून मोठा घात हा की नंतर कुणी त्या ग्रंथांची नक्कल केली नाही. ज्यांच्या हातात लेखणी होती त्यांना ते नको होते, आणि ज्यांना हवे होते त्यांच्या हातात लेखणी दिली नव्हती. म्हणून आपलेच कितीतरी ग्रंथ आपल्याला चिनी आणि तिबेटी भाषांतून परत आणावे लागले.

सांगलीकरांना हे वेगळ्या रीतीने माहीत आहे. १८६९ साली स्थापन झालेल्या सांगली नगर वाचनालयात २०१९ च्या महापुराचे पाणी शिरले आणि पुस्तकांचा लगदा झाला. एकाच इमारतीत सगळे ठेवले की एक पूर पुरतो. पुस्तके शंभर ठिकाणी असली पाहिजेत.

कऱ्हाडजवळच्या आगाशिवच्या डोंगरात साठाहून अधिक बौद्ध लेणी आहेत. तिथे पुस्तकांची कपाटे नव्हती. तिथे माणसे पाठ करत होती, चर्चा करत होती, वर्षावासात एकत्र राहत होती. ग्रंथालय म्हणजे फडताळे नव्हेत, वाचणाऱ्यांचा संघ, ही गोष्ट त्या दगडी खोल्या सांगतात. कुठल्या दिग्दर्शकाने तिथे कॅमेरा नेऊन हे दाखवले?

आपला पडदा

आपल्या माणसांनी पडद्यावर पुस्तक कसे आणले, ते पाहा. 'कबाली'त पा. रंजितने रजनीकांतला पहिल्यांदा दाखवले तेच तुरुंगात पुस्तक वाचताना आणि ते पुस्तक आहे वाय. बी. सत्यनारायण यांचे 'माय फादर बालय्या', एका दलित कुटुंबाची कहाणी. 'फँड्री'त नागराज मंजुळेने डुक्कर वाहून नेणाऱ्या पोराच्या मागे शाळेची भिंत ठेवली आणि भिंतीवर फुले, सावित्रीबाई, बाबासाहेब. 'जय भीम'च्या शेवटी एक लहान मुलगी वकिलासमोर पायावर पाय टाकून वर्तमानपत्र उघडते. यात कुठेही मेणबत्ती नाही, जिना नाही, गूढ नाही. उघडे पुस्तक आणि उघडा उजेड. हीच आपली सिनेमाची भाषा आहे.

पण दाराशी होर्हे आजही बसलेला आहे. २०२५ साली महात्मा फुल्यांवरचा चित्रपट आला तेव्हा सेन्सॉरने जातींचे उल्लेख बदलायला सांगितले आणि प्रदर्शन दोन आठवडे पुढे गेले. फुल्यांच्या चित्रपटात जात बोलायची नाही, तर काय फुलांच्या माळांवर बोलायचे?

आता करायचे काय?

लेख वाचून मान डोलावण्यात अर्थ नाही. आम्ही सातारा-सांगलीच्या वस्त्यांत काम करतो. तिथे एका खोलीत पाच माणसे राहतात आणि स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारा पोरगा रात्री एसटी स्टँडच्या दिव्याखाली बसतो. त्याला टेबल, दिवा आणि रात्री दहानंतरही उघडे राहणारे दार हवे आहे. म्हणून तीन गोष्टी.

पहिली. आपल्या बुद्धविहाराची किल्ली कुणाकडे असते, हे आजच विचारा. वर्षातून चार दिवस उघडणारा विहार म्हणजे आपणच बांधलेला बंद मठ. विहारात अभ्यासिका चालली पाहिजे, तिची किल्ली फिरती असली पाहिजे आणि ती मुलींकडेही असली पाहिजे. वाचनालयाला महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय अधिनियम, १९६७ खाली मान्यता आणि अनुदान मिळू शकते. कागद करा.

दुसरी. पाचगणीजवळ भिलार हे पुस्तकांचं गाव २०१७ पासून उभे आहे. गावातल्या घरांची दारे पुस्तकांसाठी उघडली, ही चांगली गोष्ट आहे. तिथे सहलीला जा, वाचा आणि आपल्या साहित्याला तिथे किती जागा आहे हेही मोजून या. कमी वाटली तर आणखी पुस्तके मागा.

तिसरी. विहारात महिन्यातून एक चित्रपट दाखवा आणि नंतर तासभर चर्चा करा. 'द नेम ऑफ द रोज' दाखवा, 'फँड्री' दाखवा. प्रत्येक वेळी तोच प्रश्न विचारा. किल्ली कुणाकडे होती, दार कुणी उघडले, खाली उतारावर कोण होते?

वाळवा तालुक्यातल्या वाटेगावचे अण्णा भाऊ साठे शाळेत दीड दिवस गेले. मुंबईत दुकानांच्या पाट्या आणि सिनेमाची पोस्टरे वाचत त्यांनी अक्षरे जुळवली, असे सांगितले जाते. पुढे त्यांनी 'फकिरा' लिहिली आणि ती बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केली. त्यांच्या कादंबऱ्यांवर चित्रपट निघाले. ज्या माणसाला कुठल्याच ग्रंथालयाने आत घेतले नाही, त्याने रस्त्यालाच ग्रंथालय केले आणि पडद्याला आपली गोष्ट दिली. आज त्याच वाटेगावच्या, त्याच साताऱ्याच्या पोरांना रस्त्यावरच्या पाट्यांवर भागवायला लागू नये, ही जबाबदारी आपली आहे. विहाराचे कुलूप आज संध्याकाळीच काढा.

जय भीम! नमो बुद्धाय!